इक्तुस शब्दाचा चौथा अर्थ

"पहिला अर्थ, फटका," फादर लुद्रिक म्हणाले. "लिहिलंस?"

"लिहिलं."

"दुसरा, डंख. विंचवाचा, गांधीलमाशीचा. तिसरा..." ते थांबले. वैद्य नाडी बघतो तसं त्यांनी डाव्या हाताने स्वतःचं उजवं मनगट धरलं. "तिसरा, नाडीचा ठोका. आता चौथा. चौथ्यासाठी नवीन कार्ड घे बस्त्याव. तो नीट लिहायचा आहे."

शब्द होता ‘इक्तुस’. १९७६ सालचा मार्च महिना, दुपारचे तीन वाजले असतील. चर्चच्या मागच्या बाजूला त्यांची खोली होती. खिडकीबाहेर केळीची बाग आणि खोलीत भिंतीला लावून ठेवलेले बिस्किटांचे सतरा पत्र्याचे डबे. प्रत्येक डब्यात पोस्टकार्डाएवढी कापलेली कार्डं, आणि प्रत्येक कार्डावर एक लॅटिन शब्द व त्याचे मराठी अर्थ. लॅटिनचा मराठी शब्दकोश करायचा, हे वेड त्यांनी तीस वर्षं सांभाळलं होतं. आदल्या पावसाळ्यात पक्षाघाताने त्यांचा उजवा हात आणि पाय गेला. जीभ थोडी जड झाली होती, पण बोललेलं समजायचं. हात मात्र कायमचा मांडीवर पडून राहिला, दुसऱ्या कुणाचा आणून ठेवल्यासारखा.

त्यांना लेखनिक हवा होता. मी तेव्हा बावीस वर्षांचा. मराठी घेऊन बी. ए. झालो होतो आणि शाळेतल्या नोकरीची वाट बघत घरच्या वाडीत केळीला पाणी लावत होतो. आमच्या पॅरिशचे, म्हणजे गावच्या चर्चचे, फादर एक दिवस घरी आले आणि म्हणाले, "लुद्रिक फादरांनी आपल्या गावचा, चांगल्या अक्षराचा मुलगा मागितलाय. जातोस का?" आपल्या गावचाच का, हे तेव्हा माझ्या डोक्यात आलं नाही. वसईतल्या आमच्या गावापासून त्यांचं चर्च सायकलने अर्ध्या तासावर होतं. मी जाऊ लागलो.

चार महिन्यांत मला त्या माणसाचा लळा लागला होता, हे आधीच सांगतो. पुढचं सगळं त्याशिवाय कळणार नाही.

मराठी शब्दांसाठी ते माझ्याशी भांडायचे. मी पुस्तकी शब्द सुचवला की डोळे मिटून म्हणायचे, "हा शब्द तुझी आई वापरते का? नाही ना? मग मला तो नको." एखादा घरचा शब्द दिला की खूश व्हायचे. एकदा मी ‘रट्टा’ म्हटलं तर हसता हसता त्यांना ठसका लागला, मला पाणी द्यावं लागलं. कामातून थकले की आमच्या गावाची चौकशी करायचे. विहिरीवर अजून रहाट आहे का? शाळेशेजारची चिंच आहे का? मुलं शिकतात का, की सगळी वाडीतच राहतात? मला वाटायचं, एकट्या म्हाताऱ्याला तेवढाच विरंगुळा.

"चौथा अर्थ छंदातला," ते म्हणाले. "तुमच्या मराठी वृत्तात काय असतं?"

"लघु आणि गुरू. त्यांचे गण."

"लॅटिनमध्येही लघु-गुरूच. त्यांचे गट पडतात, त्या गटाला म्हणतात पाय. तुम्ही चरण म्हणता, तसंच काहीसं. आता हा पाय जिथे जमिनीवर आपटायचा, ती जागा म्हणजे इक्तुस. पायाने नाहीतर बोटाने ठेका धरायची जागा."

"मग आघात लिहू?"

"आघात." त्यांनी तो शब्द जिभेवर घोळवला. "काय काय होतं तुमच्या आघाताने?"

"पद्य वाचताना अक्षरावर जोर देतो तो आघात. माणसाच्या मनाला बसतो तोही आघातच. आणि..." मी त्यांच्या हाताकडे बघून थांबलो.

"आणि पक्षाघात. बोल की. डॉक्टर लोक याही दुखण्याला इक्तुसच म्हणायचे." ते हसले नाहीत. "एकाच शब्दात सगळं मावलंय बघ. मारणारा, मार खाणारा आणि मोजणारा."

मी टाक दौतीत बुडवून वाट बघत राहिलो. खिडकीबाहेर कुणीतरी केळीची सुकलेली पानं कापत होतं, त्याचा सपसप आवाज येत होता.

"फादर? आघात लिहू ना?"

"नको. आधी ऐक. ऐकून मग काय लिहायचं ते तूच ठरव."

असं म्हणून त्यांनी सांगायला सुरुवात केली. माझ्याकडे न बघता, खिडकीकडे तोंड करून. कुमसार सांगताना, पापांची कबुली देताना, माणूस जाळीकडे बघतो आणि पलीकडच्या धर्मगुरूकडे बघत नाही, तसं.

"मी सेमिनरीत, फादर व्हायला आलेल्या मुलांना, लॅटिन शिकवायचो. पंधरा-सोळा वर्षांची मुलं. शिकवण्यासाठी मी स्वतः लहान लहान ओळी रचायचो. एक ओळ अशी होती की, संध्याकाळ झाली, आई दारात उभी आहे, तिच्या हातात दिवा आहे. मुलांनी ठेका धरून वाचायची. पायाचं पहिलं अक्षर आलं की आवाज चढवायचा, टेबलावर हात मारायचा. धाड, धाड, धाड. माझे गुरुजी आम्हाला असंच शिकवायचे आणि त्यांचे गुरुजी त्यांना. कुणी चुकलं की मी मारायचो. त्याचं मला काही वाटत नसे."

"सगळेच मारायचे तेव्हा," मी म्हणालो.

"मध्ये बोलू नकोस. एक मुलगा होता. हुशार नव्हता म्हणता येणार, पण त्याचा कान फार चांगला होता. त्याची पाळी आली. त्याने ती ओळ वाचली ती अशी, की घरातलं माणूस घरातल्या माणसाशी बोलतंय. कुठे जोर नाही, कुठे आदळणं नाही. लघु लघुच्या जागी, गुरू गुरूच्या जागी, सगळं बरोबर. फक्त ठेका ऐकू येत नव्हता. मी ओरडलो, इक्तुस कुठे गेला? तो उभा राहिला आणि म्हणाला, फादर, ठेका पायात आहे, तो तोंडात कशाला आणायचा? त्याने बाकाखाली बोट दाखवलं. पाय हलत होता त्याचा. अचूक पडत होता. वर्गातली पोरं हसली."

मला तेव्हाही काही कळलं नव्हतं. मी कार्डाची कड नखाने खरवडत होतो.

"मी जवळ गेलो आणि त्याच्या कानाखाली मारली. या हाताने." त्यांनी डाव्या हाताने मांडीवरचा हात उचलला आणि पुन्हा सोडून दिला. "सगळा जीव एकवटून मारली. तो बाकावर पडला. कानातून रक्ताची बारीक धार आली. त्याने बाहीने पुसली आणि पुन्हा उभा राहिला. रडला नाही. दुसऱ्या दिवशी मी त्यालाच उठवलं. त्याने ओळ वाचली, माझ्या मनासारखी, धाड धाड धाड, टेबलावर हात मारत. आणि मी त्याला सगळ्यांसमोर शाबासकी दिली."

आता त्यांचा आवाज बारीक झाला होता.

"शाबासकी दिली, बस्त्याव. दोन महिन्यांनी तो सेमिनरी सोडून घरी गेला. डाव्या कानाने त्याला ऐकू येत नाही, असं मला मागून कळलं. मी दाबून ठेवलं. कित्येक वर्षांनी या कोशासाठी जुने ग्रंथ चाळत बसलो, तेव्हा लक्षात आलं, की जुने लोक इक्तुस म्हणायचे ते पायाच्या, बोटाच्या ठेक्यालाच. तोंडाने तो दणका द्यायचाच असतो, असं म्हणायला मला कुठेही आधार मिळाला नाही. त्या पोराचं बरोबर होतं. त्याला ते कुणी शिकवलं नव्हतं. त्याच्या कानाला कळलं होतं, आणि मी नेमका तोच कान..."

डाव्या कानाने, हे शब्द ऐकताच कार्ड खरवडणारं माझं नख थांबलं होतं.

माझा थोरला भाऊ माझ्याहून आठ वर्षांनी मोठा. पंधराव्या वर्षी तो सेमिनरीत गेला आणि दोन वर्षांनी परत आला. का आला, ते कधी बोलला नाही. कान का गेला विचारलं, तर विहिरीत पोहताना पाणी गेलं म्हणाला. मी लहान होतो. त्याच्याबरोबर बाजारात जाताना तो मला नेहमी खांद्याला धरून आपल्या उजव्या बाजूला घ्यायचा. मला वाटायचं, ती माझी जागा आहे.

"तुमच्या गावचा होता," फादर म्हणाले. "मुद्दाम तुमच्या गावचा मुलगा मागवून घेतला मी. चार महिने रोज ठरवतो की आज विचारायचं. लॅटिन मुळाक्षरांतल्या ‘आ’ला विचारू, ‘दे’ला विचारू, असं करत ‘इ’पर्यंत आलो. तुझ्यासारखा लोपीसच होता तोही. तुमच्याकडे दर तिसरं घर लोपीसांचं, म्हणून तू त्याच्याच घरातला असं मी काही धरून बसलो नाही. नाताल त्याचं नाव. नाताल लोपीस. ओळखतोस त्याला?"

"ओळखत होतो," मी म्हणालो.

त्यांनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं. ‘होतो’ त्यांना ऐकू आलं होतं. आयुष्यभर क्रियापदांचे काळ तपासलेला माणूस तो.

मला तिथे थांबता आलं असतं. गावात नसतो हल्ली, असं म्हणता आलं असतं. आखातात गेलाय, बरं चाललंय, काहीही. तो माणूस अर्धा मेलेला होता, आणि चार महिने त्याने मला पोटच्या मुलासारखं वागवलं होतं. हे सगळं मला त्या क्षणीही ठाऊक होतं. तरी मी उभा राहिलो आणि टाक टेबलावर ठेवला.

"तो माझा भाऊ. सहा वर्षं झाली त्याला जाऊन."

"कसा?"

"सायकलवर केळीचे घड घेऊन बाजारात चालला होता. मागून ट्रक आला. ट्रकवाल्याने हॉर्न दिला, सगळे सांगतात, खूप वेळ दिला. एका कानाने हॉर्न ऐकू येतो फादर, पण तो कुठल्या बाजूने येतोय ते कळत नाही. तो चुकीच्या बाजूला वळला. ट्रकच्या पुढ्यातच."

त्यांची नजर मांडीवरच्या हाताकडे गेली.

"चोवीस वर्षांचा होता," मी म्हणालो. तेवढ्यावरही माझं भागलं नाही. "तुमच्या हाताने मेला तो. सात-आठ वर्षं लागली, एवढंच."

हे वाक्य मी जसंच्या तसं बोललो. त्यातला एकही शब्द मला विसरता आलेला नाही. त्यांचं तोंड थोडं उघडं राहिलं. डावा हात हवेत वर आला आणि तसाच राहिला. मला थांबवायला आला, की काही मागायला, ते मी पाहिलं नाही. मी बाहेर येऊन सायकलवर बसलो. घरी आलो आणि वाडीत जाऊन अंधार पडेपर्यंत पाणी लावत राहिलो. ज्या आळ्यांना सकाळी पाणी लावलं होतं, त्यांनाच पुन्हा.

तीन दिवस मी गेलो नाही. आयला सांगितलं, फादर कामाला सुट्टी देऊन आराम करतायत. चौथ्या दिवशी चर्चमधून, मिस्साहून येताना तिने बातमी आणली.

"बस्त्याव, तुझ्या लुद्रिक फादरांना पुन्हा झटका आला. वाचाच गेली म्हणे. चार दिवस झाले. त्या दिवशी तू नव्हतास का तिथे?"

चार दिवस. म्हणजे त्याच संध्याकाळी.

मी ओट्यावर बसलो होतो, तिथेच मान खाली घातली. आय समोर बसली. ती विड्याची पानं पुसून चवडी लावत होती. तिचे हात चालू राहिले. मग मी तिला सांगितलं. वर्ग, ओळ, पायातला ठेका, कानाखाली मारणं, रक्त, दुसऱ्या दिवशीची शाबासकी, सगळं. पानं पुसणारे हात कधी थांबले, ते मला कळलं नाही. वर पाहिलं तेव्हा ते मांडीवर होते.

"विहिरीत पाणी गेलं म्हणाला होता मला," ती म्हणाली.

"हो."

"मी विहिरीला कुंपण घालायला लावलं होतं तुझ्या बाला. तुम्ही पोरांनी पोहू नये म्हणून." तिने विचारलं, "कुठल्या हाताने मारलं?"

"उजव्या."

"तोच गेलाय ना त्यांचा?"

"तोच."

तिने पदराने तोंड पुसलं. "कशासाठी म्हणालास? ओळ वाचली म्हणून?"

"ओळ चांगली वाचली म्हणून."

"काय होतं त्या ओळीत?"

मी सांगितलं. संध्याकाळ, दार, दिवा घेतलेली आई. तेव्हा ती रडली. नाताल गेला तेव्हा चार बायांनी धरून ठेवावं लागलं होतं तिला. आता एकटीच बसून आवाज न करता रडली.

मग तिने तो प्रश्न विचारला. मी वाटच बघत होतो त्याची.

"आणि तू काय म्हणालास त्यांना?"

"काही नाही."

"नाताल गेल्याचं?"

"नाही सांगितलं. उठून आलो मी."

मी बावीस वर्षांचा, पदवी घेतलेला माणूस, आईच्या समोर बसून खोटं बोललो. तिने माझ्याकडे पाहिलं. तिला ते पटलं. माझ्या बाबतीत तिला नेहमी सगळं पटायचं.

"बरं केलंस," ती म्हणाली. "उद्या मला घेऊन चल."

दुसऱ्या दिवशी ती माझ्या सायकलवर मागे बसून आली. मांडीवर पेजेचा डबा धरून. फादर खाटेवर उताणे होते. तोंड एका बाजूला ओढलं गेलं होतं. डोळे मात्र तेच होते, आणि माझ्यावर पडल्याबरोबर ते तिथेच थांबले. त्यांत राग असता तर मी सहन केला असता.

"फादर, ही माझी आय," मी म्हणालो. "नातालची आय."

त्यांच्या घशातून एक आवाज आला. शब्द नव्हता तो.

आय स्टुलावर बसली. डबा उघडून तिने त्यांना चमच्याने पेज भरवली. निम्मी हनुवटीवरून खाली येत होती, ती पदराने पुसत होती. भरवता भरवता बोलत होती. तिचा बोलण्याचा सूर असा, की शेजारी कुणी आजारी आहे आणि ती सहज बघायला आली आहे.

"पोरगा दोन वर्षं तुमच्याजवळ होता. त्या दोन वर्षांचं मला काहीच ठाऊक नाही, फादर. तो काय खायचा, हसायचा का, घरची आठवण काढायचा का. त्याने काही सांगितलं नाही. तुम्ही तरी सांगितलं असतं. आता तुम्हालाही बोलता येत नाही."

मी भिंतीला टेकून उभा होतो. त्या दोन वर्षांबद्दल तिला कुणी काही सांगू शकलं असतं तर तो हा एकच माणूस, आणि त्याची वाचा मी घालवली होती. डॉक्टर कदाचित तसं म्हणणार नाहीत. मी डॉक्टरांना कधी विचारलं नाही.

डबा रिकामा झाला. आयने चमचा ठेवला आणि त्यांचा डावा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला.

"बस्त्यावने मला सगळं सांगितलं. तुम्ही मनाला लावून घेऊ नका. नाताल बरा आहे, फादर. आखातात असतो. कानावर औषधपाणी केलं तिथे, आता पुष्कळ ऐकू येतं त्याला. लग्न झालंय. मुलगी आहे एक. तुमची आठवण काढतो. मी त्याला कळवीन की फादर विचारत होते. त्याच्या मनात काही नाही. मी आई आहे ना त्याची, मला ठाऊक आहे. त्याच्या मनात काही नाही."

एवढं खोटं ती आयुष्यात कधी बोलली नव्हती. बोलताना तिचा आवाज जराही हलला नाही.

फादर तिच्याकडे बघत राहिले. मग त्यांचे डोळे तिच्या खांद्यावरून हळूच माझ्याकडे आले. मी तिला काय सांगितलं नाही, ते त्यांना त्या क्षणी कळलं. मी मान हलवली नाही, काही केलं नाही. नुसता उभा राहिलो. ते पुन्हा तिच्याकडे वळले. त्यांच्या डोळ्यांतून पाणी कानांकडे ओघळलं, आणि त्यांनी तिचा हात दाबला. एकदा. आणि मग, नीट कळावं म्हणून, पुन्हा एकदा.

"बघ," आय मला म्हणाली, "समजलं त्यांना."

त्यानंतर ते नऊ दिवस जगले. पेज घेऊन ती रोज जायची. कोशाचे सतरा डबे कुठल्याशा ग्रंथालयात गेले. इक्तुसचं कार्ड तीन अर्थांचंच राहिलं, आणि चौथं कोरं कार्ड माझ्यापाशी आहे. मी पुढे तेहतीस वर्षं शाळेत मराठी शिकवलं, वृत्तंही शिकवली. मुलं चुकीचं वाचायची, मी ऐकून घ्यायचो. आय जाऊनही आता वीस वर्षं होतील. तिला मी खरं सांगितलं नाही. सांगायचं असं पुष्कळदा ठरवलं होतं.

त्या पहिल्या दिवशी परत येताना ती सायकलवर बसायला तयार होईना. चालू या म्हणाली. रस्त्याला ऊन होतं. मी सायकल हातात धरून तिच्या शेजारून चाललो होतो. ती पदर डोक्यावर ओढून चालत होती. मग म्हणाली,

"मेलेल्या पोराला जिवंत केलं मी आज. पाप लागेल का रे?"

"नाही लागणार."

"लग्न, मुलगी... ते आपसूक तोंडात आलं. आधी काही ठरवलं नव्हतं मी." ती थोडी पुढे गेली, थांबली, आणि मागे वळून माझ्या तोंडाकडे बघत तिने विचारलं, "पण त्यांना खरं वाटलं ना, बस्त्याव?"

"हो, आय," मी म्हणालो. "त्यांना खरं वाटलं."